पाठीने धरलेलं दार

नवा फ्रीज घरात आला त्या दिवसापासून मोठ्या बाईंची बसायची जागा बदलली. आधी त्या खिडकीपाशी बसून येणाऱ्याजाणाऱ्याची हजेरी घेत. आता त्यांची खुर्ची फ्रीजच्या दाराला टेकलेली. भाजी निवडायची ती तिथेच, कपड्यांच्या घड्या घालायच्या त्या तिथेच, आणि कुणाची खरडपट्टी काढायची तर तीही तिथूनच.

"आई, जरा उठता का? गार पाणी हवं होतं," सून म्हणायची.

"का? नळाचं पाणी घशात अडकतं का?"

"पाठीला गार बरं वाटतं," असं त्या सगळ्यांना सांगत. फ्रीज बाहेरून गार नसतो, हे घरात प्रत्येकाला ठाऊक होतं. पण ते बाईंना सांगायचं कुणी? त्यांचे यजमान अप्पा, मुलगा, सून, तिघांनाही आपापला जीव प्यारा होता.

खरी गोष्ट अशी, की खुर्ची सरकवली की दार आपोआप उघडत होतं. सावकाश, पाहुण्याला "या" म्हणावं तसं.

दुसरी कुणी असती तर तिने दुकानदाराला फैलावर घेतलं असतं. पण हा फ्रीज बाईंनी स्वतः पसंत केला होता. दुकानात सून हळूच म्हणाली होती, "आई, खोक्यातला सीलबंद घेऊ या ना."

"न पाहिलेली वस्तू मी घरात आणत नाही. हा समोर उभा आहे, हाच द्या. आणि पावती माझ्या नावाची करा."

शोकेसमधला तो फ्रीज त्यांनी ठोकला, वाजवला, दार लावून पाहिलं आणि विजयी मुद्रेने घरी आणला. आजवर घरात कुणी फसलं की बाईंचा एकच प्रश्न असे, "डोळे काय गहाण ठेवले होते?" आता तोच प्रश्न आपल्याकडे वळेल, या धास्तीने त्या दार पाठीने धरून बसल्या.

झोपायला जाताना त्या खुर्चीवर पिठाचा डबा ठेवत. पण डब्याला बाईंचं वजन कुठून येणार? दूध नासायला लागलं. कारण तर द्यायला हवं, म्हणून बाईंनी ते दूधवाल्याच्या माथी मारलं आणि गल्लीभर सांगितलं. चौथ्या दिवशी दूधवाला सायकल भिंतीला लावून थेट घरात आला.

"काकू, अख्खी गल्ली माझंच दूध पिते. नासतं ते तुमच्याच घरी! तुमचं ऐकून समोरच्यांनी दूध बंद केलं. माझ्या पोटावर का पाय देता?"

"आवाज कुणापुढे चढवतोस रे?" म्हणत बाई तावातावाने उठल्या. उठल्या त्या खुर्ची बाजूला सारूनच.

त्यांच्या पाठीमागे दार उघडलं. आतला दिवा लागला. दूधवाला बाईंच्या खांद्यावरून मागे बघत राहिला. अप्पा बघत राहिले. मुलगा आणि सून बघत राहिले. बाईंनी मागे वळून बघितलं नाही. त्यांना बघायची गरज नव्हती.

दूधवाल्याने पुढे होऊन दार अलगद लावलं; ते पुन्हा उघडलं. तेच जास्त झोंबलं.

"उद्यापासून अर्धा लिटर जास्त टाकत जा," बाई म्हणाल्या. "आणि समोर मी सांगते. माझ्या तोंडाने गेलंय, माझ्याच तोंडाने परत येईल."

दुसऱ्या दिवशी सून त्यांना घेऊन दुकानात गेली. दुकानदाराने न बोलता भिंतीवरच्या पाटीकडे बोट दाखवलं : विकलेला माल परत घेतला जाणार नाही.

"पाटी लावली म्हणून आमचा हक्क जात नाही," सून म्हणाली. "वस्तूच सदोष असेल तर दुरुस्त करून द्या, बदलून द्या, नाहीतर पैसे परत करा."

"ताई, तो शोकेसमधला पीस होता. आजींनी हट्टाने नेला. विचारा त्यांना."

आजींची नजर मात्र दुसरीकडेच होती. त्यांच्या फ्रीजच्या जागी आता दुसरा उभा होता. त्याच्या पुढच्या पायांखाली लाकडाची पट्टी सरकवलेली. त्यामुळे तो किंचित मागे कलला होता, आणि कलल्यामुळे त्याचं दार आपणहून लागत होतं. बाईंनी त्या दिवशी सगळं ठोकून पाहिलं होतं. गुडघे दुखतात म्हणून वाकून पाय तेवढे पाहिले नव्हते.

घरी येताना त्यांनी सुनेला लाकडाचं सांगितलं आणि लगेच म्हणाल्या, "मरू दे. एक माणूस बोलावून दार नीट करून घेऊ."

"का म्हणून? चूक त्याची आहे."

"आणि चारचौघांत मी फसले म्हणून उभी राहू? या वयात?"

सुनेने तरीही ग्राहक तक्रार कार्यालयात अर्ज केला. पावती बाईंच्या नावाची, तेव्हा हजर राहायला बाईच हव्यात. आपलाच हट्ट आपल्याला असा खेचून नेईल, असं त्यांना वाटलं नव्हतं.

तिथे दुकानदाराने हात जोडले आणि फार गोड बोलला. "मॅडम, आजींसारखी पारखी बाई मी दुकानात पाहिली नाही. अशा बाईला कोण फसवणार? त्यांनी सगळं बघून, समजून पसंत केला. हो ना आजी?"

खोटं कशाला बोला, बाईंना ते ऐकून बरं वाटलं. मान आपोआप ताठ झाली. "हो" म्हटलं की फ्रीज गळ्यात, पण नाव शाबूत.

"आजी, तुमचं काय म्हणणं आहे?" अधिकारी बाईंनी विचारलं.

मोठ्या बाई उठल्या. "पारख माझी चांगलीच आहे. दार लावून पाहिलं, ते लागलं. पायाखाली लाकूड होतं ते मी पाहिलं नाही. लाकूड यानं दुकानात ठेवून घेतलं आणि फ्रीज मला दिला. गिऱ्हाइकानं काय जमिनीवर आडवं होऊन बघायचं? मी वाकले नाही, एवढीच माझी चूक. फसवलं यानं. मग मान खाली मी का घालू? इतके दिवस मी घातली, आता याला घालू दे."

"लाकडाचं यांना सांगितलं होतंत?" अधिकारी बाईंनी विचारलं.

"त्यांनी विचारलं नाही," दुकानदार पुटपुटला.

"दिसलं असतं तर विचारलं असतं," मोठ्या बाई ताडकन म्हणाल्या.

सीलबंद नवा फ्रीज द्यायचा, जुना स्वखर्चाने न्यायचा, असं ठरलं.

त्या संध्याकाळी बाई ऐटीत खिडकीपाशी बसल्या होत्या. अप्पा चोरपावलांनी आले आणि नवे बूट त्यांच्यापुढे ठेवले. तळ उचकटलेले, आत पुठ्ठा कापून घातलेला.

"हे कधीचं?"

"घेतल्या आठवड्यातलं. तू बोलशील म्हणून..."

मग मुलाने पलंगाखालून इस्त्री काढली. ती तापतच नव्हती. तो ऑफिसचे शर्ट बाहेरून इस्त्री करून आणत होता. शेवटी सून आली. तिच्या हातात बंद पडलेला मिक्सर होता.

"तूसुद्धा?" बाई ओरडल्याच. "तुला तर सगळा कायदा पाठ आहे!"

"कायदा ठाऊक होता, आई," सून म्हणाली. "पण दुकानदाराच्या आधी तुम्हाला सांगावं लागलं असतं."

आपल्या जिभेच्या जिवावर किती दुकानदार निवांत झोपले, हे बाईंनी बोटांवर मोजलं. मग त्यांनी चष्मा लावला, बूट उलटा करून पाहिला आणि अप्पांना विचारलं, "हे दुकान सकाळी किती वाजता उघडतं हो?"