मास्तरांच्या पुस्तकाला एक मुलगी लागते

मार्गशीर्ष वद्य पंचमी. शाळेला सुट्टी, म्हणून ओसरीत मिरच्यांची देठं खुडत बसले होते. मिरच्या आणल्या होत्या बायजानं. ही माझ्या वर्गातली, चौथीची. टोपलं उतरवून म्हणाली, "आतेपाईन मी शाळामा येत नही, बाई. बा म्हने, मिरच्या तोडाले चाल." आणि गेली. मी खुडत राहिले, पण डोळ्यांपुढे केशव मास्तर आले. झाडाला बांधलेले.

आमच्या रनाळ्यात कोणी मोठा माणूस झाडाला बांधलेला दिसला, तर लोक घाबरत नसत. जाता जाता विचारत, "मास्तरनं नवं पुस्तक शे का?"

मास्तर गावच्या शाळेचे हेडमास्तर, आणि मुलांसाठी साहसाच्या कादंबऱ्या लिहिणारे. चाचे, भुयारं, हरवलेले राजपुत्र. त्यांचा नेम एकच: "आधी करून पाहू, मग लिहू." भुयारात अडकलेला नायक शिदोरीवर किती तग धरील, हे पाहायला त्यांनी फडक्यात बांधून ठेवलेली ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी आठवडाभरानं खाल्ली. शाळा बंद पडली, आणि माझी आई ताकाचे तांबे घेऊन त्यांच्या घरी फेऱ्या घालू लागली. पुस्तकातल्या नायकाची भाकरी मग लवकर संपली. समुद्र मास्तरांनी कधी पाहिला नव्हता. तो त्यांनी तापीच्या पुरावर भागवला. म्हणून त्यांच्या समुद्रातून नेहमी बाभळी वाहत जात.

ही पहिल्या लढाईच्या आधीची गोष्ट. मी दुसरी पास झाले आणि माझ्या वडिलांनी, आबांनी, पाटी उचलून फडताळावर ठेवली. "पोरनी जातले कितली शाळा?"

त्या संध्याकाळी मास्तर आमच्या ओट्यावर येऊन बसले. शिक्षणाबद्दल अवाक्षर काढलं नाही. म्हणाले, "आबा, अडलोय. नव्या पुस्तकाला एक मुलगी लागते. दरोडेखोरांची सरदारीण आहे. पोरं मला बांधतात, पण मला भीती वाटत नाही. तुमच्या मंजुळेची वाटते. काम होईस्तोवर द्या."

आबा पक्के शेतकरी. पेरणीत कोणाचा बैल बसला तर ते आपला सोडून त्याला देत. आणि दिलेला बैल काम उरकायच्या आत मागायचा नाही, हा गावचा रिवाज.

"कितला दिन लागतीन?"

"पुस्तक आहे, आबा. सांगता येत नाही."

पाटी खाली आली. मुलांच्या शाळेत मी एकटी मुलगी, तीही सरदारीण. एकदा मास्तरांना लिंबाला बांधलं आणि नेमके तपासणीचे डिपोटीसाहेब घोड्यावरून उतरले.

"ए पोरी, सोड त्यांना!"

"नही साहेब. ते सोताच सुटतीन, तवय पुस्तकमा लिखतीन."

साहेबांनी मास्तरांकडे पाहिलं. मास्तरांनी बांधल्या अंगानं जमेल तेवढं वाकून नमस्कार केला. "हजेरीपट टेबलावर आहे, साहेब. मला जरा वेळ लागेल. गाठ हिची आहे."

साहेब एवढे तापले की परीक्षा माझीच घेतली. मी त्रैराशिक सोडवलं, कविता म्हटली, नकाशावर नद्या दाखवल्या. मास्तर अजून सुटत होते.

त्यांची बाकीची पुस्तकं एका पावसाळ्यात होत. हे वर्षानुवर्षं चाललं. आबा बाजारात भेटले की विचारत, "मास्तर, व्हयनं का पुस्तक?"

"सरदारीण अजून गुहेत आहे, आबा."

मी सातवीची फायनल पास झाले, आणि त्याच महिन्यात सरदारीण गुहेतून बाहेर आली. पुढे लग्न झालं. नवरा लवकर गेला. पण फायनलवर मास्तरीण झाले, आणि आज माझ्या चुलीवर माझ्या कमाईची भाकरी भाजते.

मिरच्या तशाच ठेवून हात धुतले आणि मास्तरांकडे गेले. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, घरात एकटे. लिहिणं बंद पडलंय. दोरी मात्र खुंटीला आहे. मी सरळ विचारलं, "गुरुजी, त्या पुस्तकाला खरंच मुलगी लागत होती?"

"पुस्तकच नव्हतं," ते म्हणाले. "तू पास झालीस, तेव्हा आबांसमोर खोटा ठरू नये म्हणून घाईनं लिहून काढलं. सगळ्यात वाईट तेच आहे."

मी हसले. ते हसले नाहीत.

"मला एक धाकटी बहीण होती, गोदी. माझी प्रत्येक गोष्ट आधी ती ऐकायची. 'दादा, असं कोणी करतं का? करून दाखव,' म्हणायची. मी करून दाखवायचो. नवव्या वर्षी सासरी धाडली. पहिल्या बाळंतपणात गेली. करून दाखवायची सवय राहिली. आत्ताही एक गोष्ट डोक्यात आहे, मंजुळे. पण समोर कोणी नको का?"

मी त्यांचा चष्मा पदरानं पुसून दिला. त्यातून त्यांना काही दिसत नाही, तरी पुसून दिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी बायजाच्या बापाच्या ओट्यावर जाऊन बसले.

"भाऊ, मास्तर अडेल शेतस," मी म्हटलं. "नव्या पुस्तकले एक पोर लागस. शाळा सुटनी का त्यास्नाकडे बसी लिखाले. काम होस तोपावत बायजाले दे."

त्यानं मिरच्यांच्या ढिगाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "कितला दिन लागतीन, बाई?"

"पुस्तक शे, भाऊ," मी म्हटलं. "सांगता येत नही."