न शोभणारा खर्च

घड्याळवाल्या काकांचं डेबिट कार्ड त्यांच्या बायकोनंच बंद करून टाकलं, आणि तेही नवऱ्यावरच्या पूर्ण विश्वासापोटी.

झालं असं, की काकू वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत बसल्या होत्या आणि बँकेतून फोन आला. खातं काकांचं, नंबर काकूंचा. कारण काका आपला फोन कुठे ना कुठे विसरून येत.

"मॅडम, तुमच्या मिस्टरांच्या कार्डावर आत्ता मोठा खर्च पडतोय," बँकेतली मुलगी म्हणाली. "जुन्या वाद्यांच्या दुकानात. नेहमीसारखा वाटला नाही, म्हणून थांबवलाय. तेच करतायत ना?"

काकूंना हसूच आलं. "अगं बाई, हा माणूस चपलेचा अंगठा चारचारदा शिवून घेतो. तो कसली वाद्यं घेतोय? चोरलंय कुणीतरी. बंद कर आधी."

मुलीनं बंद केलं.

तिकडे दुकानात काका मांडीवर अ‍ॅकॉर्डियन घेऊन बसले होते. त्यांचंच ते. लग्नानंतर गच्चीवर बसून काकूंना ऐकवायचे ते. एक बटण निघालं होतं, तिथे त्यांनी शर्टाचं पांढरं बटण बसवलं होतं. ते अजून जागेवर होतं. थोरलीच्या वेळी काकू माहेरी असताना काकांनी ते गुपचूप विकलं. काकू बाळाला घेऊन परतल्या तेव्हा त्याच्या जागी पाळणा होता. त्यावर दोघं कधी बोलले नाहीत.

"कार्ड बंद दाखवतंय, काका," दुकानदार म्हणाला. "आज दुकान कायमचं बंद होतंय. हे बँडवाले ते घ्यायला केव्हाचे थांबलेत. शटर ओढायच्या आत काय ते बघा."

काकांनी दुकानदाराच्या फोनवरून घरी फोन लावला.

"अगं, मी बोलतोय."

"मी कोण?"

"मी म्हणजे मी. कार्ड चालत नाहीये."

"चालेल कसं? मीच बंद केलंय. आवाज मात्र छान काढता हो. माझ्या मिस्टरांचं कार्ड मुकाट्यानं आणून द्या."

"अगं, तुझाच नवरा आहे मी."

"माझ्या नवऱ्यानं आधी घासाघीस केली असती."

"केली," काका ओशाळून म्हणाले. "बराच वेळ केली."

दुकानदारानं जोरजोरात मान हलवून साक्ष दिली. पण मान काही फोनवरून ऐकू जात नाही.

"मग लग्नाची तारीख सांगा."

काकांना ती काही केल्या आठवेना. चोर असता तर त्यानं अंदाजानं एखादी तरी ठोकली असती. काकूंचा निम्मा संशय तिथेच फिटला.

काकांनी फोन काउंटरवर ठेवला आणि भाता ओढला. गच्चीवरचीच धून. दुसऱ्या ओळीत बोटं पूर्वी जिथे घाईला येत, नेमकी तिथेच आली. "थांब हं, परत घेतो," काका सवयीनं म्हणाले.

पलीकडून फोन कट झाला.

"द्या, काका," बँडवाला हळूच म्हणाला.

काका पट्टा सोडवू लागले. जन्मभर डोळ्याला भिंग लावून बारीक स्क्रू काढणाऱ्या त्या बोटांना एवढंसं बक्कल सुटेना. बँडवाल्यानं दोनदा मदतीला हात पुढे केला, काकांनी दोनदा अंग चोरलं.

तेवढ्यात दारात रिक्षा थांबली. काकू आत आल्या, बँडवाल्याला बाजूला सारलं आणि आपलं कार्ड काउंटरवर ठेवलं.

"ह्यांचं आता उघडत नाही. नवीन पोस्टानं येणार म्हणे. ह्याच्यावर करा."

मशीननं मुकाट्यानं पावती काढली.

"बिल काकांच्या नावानं करू ना?" दुकानदारानं विचारलं.

"माझ्या."

काकांनी दचकून पाहिलं. "पण वाजवणार मीच ना?"

"वाजवा की. रोज वाजवा." काकूंनी घसरलेला पट्टा त्यांच्या खांद्यावर नीट बसवला. "फक्त ह्या वेळी विकायचं झालं, तर मालकिणीला विचारावं लागेल."