सावळखंडातला कोपऱ्याचा प्लॉट

मार्च १९८९ मधला दुसरा रविवार, सकाळचे अकरा. अंबरनाथच्या आमच्या चाळीत, पहिल्या मजल्यावर, गायकवाडांच्या टेबलावर रोख पाचशे एक रुपये ठेवले गेले. हजर माणसं चार : गायकवाड, त्यांच्या पत्नी सुमनवहिनी, उल्हासनगर कॅम्प एकमधले कापडवाले चंदूसेठ आणि मी. रक्कम प्लॉटच्या बुकिंगची होती. प्लॉट सावळखंडात होता. आणि सावळखंड पृथ्वीवर कुठेही नाही.

गायकवाड एमआयडीसीतल्या एका कारखान्यात ट्रेसर. दिवसभर दुसऱ्यांनी काढलेले नट-बोल्ट ट्रेसिंग पेपरवर गिरवायचे. घरी आले की चहा घेऊन सावळखंडाचा नकाशा काढायला बसायचे. अकरा वर्षांत तो देश भिंतीच्या टोकापर्यंत पोचला होता आणि कपाट सरकवल्याशिवाय त्याला समुद्र मिळणार नव्हता.

बोलतानाही ते त्या देशातच असायचे. नळ गेला की म्हणायचे, "आमच्याकडे पाणी चोवीस तास." पहिली दोन वर्षं मला वाटलं, त्यांच्या गावाला असेल.

सुपरवायझर ओरडला की संध्याकाळी त्याच्या नावाची दलदल निघायची. भाडं वाढवणाऱ्या चाळमालकाला अख्खं वाळवंट दिलं होतं. मी एकदा भीत भीत विचारलं, "माझ्या नावाचं काही?"

"घाट आहे तुमच्या नावाचा, म्हात्रेभाऊ. अवघड आहे, पण दर मैलाला दगड लावलेला."

मी हिशेबनीस. चूक दिसली की मला गप्प बसवत नाही. नकाशाचं प्रमाण होतं, एका सेंटिमीटरला शंभर पावलं. राजधानीपासून नदी चारशे पावलांवर, आणि शेजारी लिहिलेलं : वीस मिनिटं.

"गायकवाड, चारशे पावलांना वीस मिनिटं? मी पाचात जाईन."

"तुम्ही जाल हो. आमच्याकडे वीसच लागतात."

शिवाय रस्त्यांवर दर चाळीस पावलांना एक बाक. एवढे बाक कुठल्या सरकारला परवडतात? दोन्ही मुद्द्यांवर मी लेखी हरकत दिली होती. ती चिठ्ठी त्यांनी रद्दी कागदांत न टाकता नकाशाच्या मागे नीट चिकटवून ठेवली.

चंदूसेठांना दुकानाच्या पोटमाळ्याचा नकाशा हवा होता, म्हणून त्या रविवारी मीच त्यांना वर नेलं. पण त्यांची नजर भिंतीवर गेली. त्या काळी बदलापूरला दर दुसऱ्या दुकानात असाच रंगीत कागद लटकलेला असायचा आणि त्यावर बोट ठेवून प्लॉट विकले जायचे.

"साईं, ये कौनसी स्कीम है?"

"सावळखंड."

"चामटोली के आगे?"

"बरंच आगे."

"स्टेशन?"

"नाही."

"आएगा, आएगा. पानी?"

"चोवीस तास."

सेठ उठून उभेच राहिले. नदीकाठच्या एका हिरव्या कोपऱ्यावर बोट टेकवलं आणि पाचशे एक काढून टेबलावर ठेवले.

"तो दिलेला आहे," गायकवाड म्हणाले.

"हजार लो."

"सेठ, असा देशच नाही. मी मनाने काढलाय."

"अरे, एनए नहीं हुआ तो सीधा बोलो ना! सब ऐसे ही घुमाते हैं. दो हजार."

गायकवाड नाही म्हणत गेले, भाव चढत गेला. पाच हजारांवर मात्र त्यांनी वहिनींकडे पाहिलं. तो आकडा आम्हा तिघांना पाठ होता. पलीकडच्या चाळीत तळमजल्याची एक खोली रिकामी होती, तिचं डिपॉझिट तेवढंच. वहिनींचा डावा पाय लहानपणी पोलिओत गेलेला. आता उजवाही थकला होता. दिवाळीपासून त्या जिना उतरल्या नव्हत्या.

मला वाटलं, आता गायकवाड पैसे घेणार. खरं सांगायचं तर घ्यावेत, असंही क्षणभर वाटलं.

वहिनीच कॉटवरून हसत म्हणाल्या, "अहो, देऊन टाका त्यांना तो कोपरा. मी आपली दोन पावलं पुढे बसेन."

"नको," गायकवाड म्हणाले. "तिथून पुढे चढ आहे."

सेठांनी वहिनींकडे पाहिलं, मग भिंतीकडे. नोटा हळूच उचलल्या. "भाभी, आप उधर ही बैठो."

वहिनी चहा टाकायला उठल्या. कॉटपासून ओट्यापर्यंत बारा पावलं. सवयीने मी घड्याळ पाहिलं : छत्तीस सेकंद. म्हणजे चारशेला बरोबर वीस मिनिटं. इतकी वर्षं मी तो हिशेब तपासत होतो आणि पावलं कुणाची, हे एकदाही विचारलं नव्हतं.

मी स्वतः त्याच चाळीत तळमजल्याला राहत होतो. खाली जाऊन बायकोला सगळं सांगितलं आणि म्हटलं, खोल्या बदलूया का?

ती म्हणाली, "हे तुम्हाला आता सुचलं?"

पंधरा दिवसांत अदलाबदल झाली. जिना अठरा पायऱ्यांचा आहे. मला बारा सेकंद लागतात.

पोटमाळ्याच्या नकाशाचे दीडशे रुपये सेठांनी गायकवाडांना दिले. भाडेपावत्यांवरची नावं बदलायला चाळमालकाच्या कारकुनाला वीस रुपये लागले, ते मी दिले. वहिनी आता रोज संध्याकाळी अंगणात येतात, हे सांगत गायकवाड ते वीस परत करायला दोनदा वर आले. मी घेतले नाहीत. तिसऱ्यांदा त्यांनी मलाच खाली बोलावलं.

नव्या भिंतीवर सावळखंड लागला होता. माझ्या नावाचा घाट खोडलेला. तिथे सपाट रस्ता, दर चाळीस पावलांना बाक, आणि कडेला बारीक अक्षरात : घाट हटवण्याचा खर्च रुपये वीस, म्हात्रेभाऊंकडून पोचले.