मनगटावरची हेमाताई

"यापुढे या घरात एकही फोन चुकणार नाही! लिहून घ्या!"

अण्णासाहेब दिवेकरांनी डावा हात उंचावून ही घोषणा केली, आणि मनगटावरचं नवं घड्याळ असं काही चमकवलं की मयूर विहारच्या त्या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटात क्षणभर दुसरा सूर्य उगवला.

घोषणेला कारण होतं. मुलगी अबोली गुरुग्रामच्या ज्या ऑफिसात होती, तिथेच चिराग सबरवाल नावाचा एक मुलगा होता. दोघांचं जमलं होतं. चिरागच्या वडिलांचं करोल बागेत मोटारीच्या सुट्या भागांचं दुकान. त्यांनी मोठ्या मनाने, स्वतःहून, अण्णासाहेबांना व्हॉट्सअॅपवर तीनदा फोन केला. आणि अण्णासाहेबांचा फोन तेव्हा कुठे होता? बाल्कनीत, वाळत घातलेल्या रजईखाली! तिन्ही कॉल रजईत घुसमटून गेले.

"फोन ही नहीं उठाते, रिश्ता क्या उठाएँगे?" असं सबरवालजी म्हणाले म्हणे. चिरागने अबोलीला सांगितलं, अबोलीने आईला, आणि साधनाबाईंनी अण्णासाहेबांना. पोचेपर्यंत त्या वाक्याला चांगलीच धार आली होती.

मग बंगळुरूच्या शार्दूलने, म्हणजे चिरंजीवांनी, कुरियरने घड्याळ पाठवलं आणि दीड तास व्हिडिओ कॉलवर बसून ते फोनशी जोडून दिलं. "बाबा, आता साधा कॉल असो की व्हॉट्सअॅपचा, मनगटावर थरथर होणार. नाव दिसणार. हिरव्यावर बोट ठेवलं की इथूनच बोलायचं, लाल म्हणजे कट. फोन रजईखाली असू दे नाहीतर तंदूरमध्ये."

अण्णासाहेब खूश. केंद्र सरकारच्या एका मंत्रालयातून उपसचिव म्हणून निवृत्त झालेला माणूस. आयुष्यभर त्यांच्या टेबलावरून कागद हलला नाही अशी एकही तक्रार नव्हती. फक्त एक खोड: घड्याळ बांधायचं ते तबकडी मनगटाच्या आतल्या बाजूला. सह्या करताना काच टेबलावर घासू नये म्हणून तिसाव्या वर्षी लागलेली सवय, ती सदुसष्टाव्या वर्षी कशी सुटणार? त्यामुळे घड्याळ बघायचं म्हणजे एक सोहळाच असे. हात उताणा करायचा, कोपर वर काढायचं, चष्मा कपाळावर सरकवायचा, एक डोळा मिटायचा आणि मनगट नाकाला लावायचं. लांबून बघणाऱ्याला वाटावं, हा माणूस अत्तर हुंगतोय.

रविवारी चार वाजता सबरवाल मंडळी येणार होती. अण्णासाहेबांना हा मुलगा मनापासून आवडला होता, पण तसं तोंडाने कबूल करतील तर ते उपसचिव कसले! "बघू या. माणसं कशी आहेत ते बघू या," एवढंच बोलत, आणि दोन दिवस आधीपासून सोफ्याची कव्हरं स्वतःच्या हाताने इस्त्री करत बसत.

चारच्या ठोक्याला बेल वाजली. सबरवालजी म्हणजे दारात मावेल न मावेल असा ऐसपैस माणूस, मागे हसतमुख बायको, आणि त्यांच्यामागे चिराग, हातात मिठाईचा डबा एखाद्या तान्ह्या बाळासारखा धरून. साधनाबाईंनी ओल्या मटारच्या करंज्या पुढे केल्या.

"अरे वाह! नमकीन गुजिया!" सबरवालजी म्हणाले आणि एका घासात एक संपवली. अबोलीने चिरागकडे बघितलं. चिरागने अबोलीकडे. सगळं कसं झकास चाललं होतं!

आणि अण्णासाहेबांच्या मनगटाला कुणीतरी बेडूक बांधल्यासारखं झालं. थरथर! थरथर!

हात उताणा. कोपर वर. चष्मा कपाळावर. नाव उमटलं होतं: हेमाताई.

हेमाताई म्हणजे अण्णासाहेबांची इंदूरची थोरली बहीण हेमलता. 'आले का पाहुणे?' एवढंच विचारायचं असणार. अण्णासाहेबांनी हळूच लालवर बोट टेकवलं.

हीच ती चूक! सदुसष्ट वर्षांत या भावाने बहिणीचं बोलणं कधी मध्येच तोडलं नव्हतं, मग ते दीड तासाचं का असेना. इंदुरात हेमाताई मटकन खाली बसल्या. नक्की काहीतरी बिनसलंय! त्यांनी पुन्हा लावला. मग यजमानांच्या फोनवरून लावला. मग बंगळुरूला शार्दूलला उठवलं, "अरे, तुझ्या बापाने माझा फोन कापला! बघ बाबा काय झालंय!" आता शार्दूलही लावायला लागला.

इकडे सबरवालजी रंगात आले होते. आपल्या वडिलांची गोष्ट सांगत होते. वडील करोल बागेत आले तेव्हा खिशात काही नव्हतं. फुटपाथवर एक फडकं अंथरलं आणि त्यावर ट्रकचा एकच दिवा मांडून बसले.

"एक हेडलाइट, भाईसाहब! सिर्फ़ एक! तीन दिन कोई ग्राहक नहीं. चौथे दिन पिताजी की आँखों में पानी..."

थरथर! हात उताणा. कोपर वर. एक डोळा बंद.

सबरवालजी थांबले. "आपको कहीं जाना है?"

"नहीं नहीं! बिल्कुल नहीं! आप आराम से बैठिए!"

"हाँ, तो पिताजी की आँखों में पानी आ गया..."

थरथर! पुन्हा अत्तर. अण्णासाहेबांचा तरी काय इलाज? एकही फोन चुकवणार नाही असं घरभर सांगून बसलेला माणूस तो. न जाणो, कुणाचं काही महत्त्वाचं असलं तर! मिसेस सबरवालनी नवऱ्याला कोपराने हळूच ढोसलं. पिताजींच्या डोळ्यातलं पाणी तिथेच आटलं, आणि गोष्ट चौथ्या दिवसावरून थेट दुकानाच्या उद्घाटनावर आली.

तेवढ्यात घड्याळ जरा निराळं थरथरलं. अण्णासाहेबांनी वाचलं: 'तुम्ही फार वेळ बसला आहात. उभे राहा.' वरून आलेला लेखी आदेश त्यांनी उभ्या आयुष्यात डावलला नव्हता. ते ताडकन उभे राहिले.

यजमान उभा राहिला म्हटल्यावर पाहुणे काय करणार? सबरवालजी उभे राहिले. बायको उभी राहिली. चिराग डब्यासकट उभा राहिला.

"अरे! आप क्यों उठे?" म्हणत अण्णासाहेब खाली बसले.

पाहुणे बसले. थरथर! अण्णासाहेबांनी मनगट नाकाला लावलं. पाहुणे पुन्हा उठले, ते उठलेच.

"चलते हैं जी. आपका टाइम बड़ा क़ीमती है," सबरवालजी म्हणाले. बाविसाव्या मिनिटाला जिना रिकामा झाला. टेबलावर चार कप अर्धे. पंजाबी माणूस चहा अर्धा टाकून उठला, म्हणजे काय झालं हे साधनाबाईंना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

"बाबा," अबोली म्हणाली, "तुम्ही सात वेळा घड्याळ बघितलंत. मी मोजलं."

"अगं, वेळ नाही बघितली मी!"

"मग काय बघितलं?"

"हेमाताई बघितली!"

अबोली हसली नाही. तिच्या हातातला फोन वाजला, चिरागचा मेसेज होता. तिने वाचला आणि फोन उपडा ठेवला. "त्याचे पापा म्हणतायत, ज्या घरात आपल्यासाठी टाइम नाही, तिथे लडका नाही द्यायचा." मग जरा थांबून म्हणाली, "राहू दे, बाबा. जाऊ द्या." आणि खोलीत गेली.

हे 'राहू दे' अण्णासाहेबांच्या चांगलं ओळखीचं होतं. पहाडगंजच्या मराठी शाळेत असताना सहलीच्या दिवशी ताप भरला, तेव्हा ती असंच म्हणाली होती. लहानपणापासून पोरीची तऱ्हाच ती: एखादी गोष्ट फार हवी असली की आरडाओरडा नाही, रडणं नाही. राहू दे.

त्या संध्याकाळी त्यांनी सबरवालजींना फोन लावला. उचलला गेला नाही. पुन्हा लावला. नाही. रजईखालचे तीन कॉल आता कुठे जाऊन टोचत होते, ते अण्णासाहेबांचं अण्णासाहेबांना माहीत.

सोमवारी करोल बागेचा बाजार बंद. तो सगळा दिवस त्यांनी येरझाऱ्या घालण्यात काढला. इतकी पावलं चालल्याबद्दल घड्याळाने दोनदा शाबासकी दिली. मंगळवारी सकाळी ते कोट चढवून निघाले.

"पेन्शनच्या कामाला जाऊन येतो."

 साधनाबाईंनी स्टीलचा डबा हातात ठेवला. "करंज्या आहेत. पेन्शनवाल्यांना आवडतात."

मेट्रोत बसून अण्णासाहेबांनी भाषण तयार केलं. त्यांची हिंदी दोन प्रकारची होती. एक भाजीवाल्याशी बोलायची आणि दुसरी फायलींतली. प्रसंग गंभीर म्हणून त्यांनी दुसरी निवडली.

दुकान म्हणजे आरशांचं जंगल होतं. गाड्यांचे लहानमोठे आरसे छतापासून जमिनीपर्यंत टांगलेले, आणि मधोमध सबरवालजी. त्यांनी पाहुण्याकडे बघितलं. चेहरा कुलूपबंद.

"बैठिए. टाइम है आपके पास?"

अण्णासाहेब बसले नाहीत. त्यांनी डबा काउंटरवर ठेवला, खाकरले, आणि सुरुवात केली, "महोदय! रविवार की बैठक के संदर्भ में निवेदन है, कि अधोहस्ताक्षरी द्वारा समय देखा नहीं जा रहा था..."

"कौन द्वारा?"

"मतलब, मैं द्वारा! वो मेरी दीदी... इंदौर से... कलाई पर..." भाषण तिथेच कोसळलं. फायलींतली हिंदी संपली, भाजीवाल्याची सुचेना.  आणि चाळीस वर्षं मंत्र्यांपुढेही न वाकलेल्या अण्णासाहेबांनी सरळ दोन्ही हात जोडले. टांगलेल्या चाळीस आरशांत चाळीस अण्णासाहेब हात जोडून उभे राहिले.

नेमक्या त्याच क्षणी मनगट थरथरलं. तबकडी आतल्या बाजूला, त्यावर उजवा तळवा घट्ट दाबलेला. हिरवं दाबलं गेलं, आणि जोडलेल्या हातांतून अबोली बोलायला लागली!

"बाबा! आईने सांगितलं मला. पोहोचलात का तिथे? ऐका, कुणापुढे हात जोडायचे नाहीत. सुन रहे हो ना? लग्न नाही झालं तरी चालेल मला. पण माझ्यासाठी तुम्ही झुकायचं नाही, बिल्कुल नाही! मला माहितीये, तुम्ही टाइम बघत नव्हतात. आणि चिराग तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त आवडतो, तेही माहितीये. दोन दिवस कुणासाठी कव्हरं इस्त्री करत होतात? गैरांसाठी कुणी करतं का असं? घरी या ना, बाबा."

सबरवालजींना अर्धं कळलं. बाजारात बसणाऱ्या माणसाला सगळ्याच भाषा अर्ध्या येतात. उरलेलं अर्धं त्यांनी समोरच्या चेहऱ्यावरून वाचून घेतलं. तो चेहरा आता फाइलीसारखा अजिबात राहिला नव्हता.

अण्णासाहेबांची पंचाईत अशी, की हात सोडावेत तर लालवर बोट पडून कॉल कापला जायचा! एकदा कापून काय झालं ते पाहिलं होतं. म्हणून ते तसेच, पुतळ्यासारखे.

सबरवालजी काउंटरला वळसा घालून बाहेर आले. आपलं ऐसपैस शरीर कमरेत वाकवलं, आणि अण्णासाहेबांच्या जोडलेल्या हातांना तोंड लावून म्हणाले, "बेटा, मैं चिराग का पापा बोल रहा हूँ."



"नमस्ते अंकल," मग अगदी बारीक आवाज आला. "बाबा... पापा कहाँ हैं?"

"यहीं हैं, मेरे सामने."

"उन्होंने हाथ तो नहीं जोड़े ना, अंकल?"

सबरवालजींनी बघितलं. नाकापासून दोन बोटांवर ते हात होते, थोडे थरथरत होते, आणि या खेपेला घड्याळ थरथरत नव्हतं. मान वळवली तर आरशांत आणखी चाळीस जोड्या.

"हाथ? ना जी ना!" सबरवालजी गरजले. "वो तो कमर पे हाथ रख के खड़े हैं! डाँट रहे हैं मेरे को! कि चाय आधी छोड़ के गया कैसे!"

"डाँट रहे हैं? आपको?"

"बहुत बुरा! पूरा बाज़ार सुन रहा है!"

"बाबा! डाँटो मत ना त्यांना!" अबोली किंचाळली. "बाबा? काही बोला ना! आवाज क्यों नहीं आ रही?"

आता बोलणं भागच होतं. अण्णासाहेब जमेल तेवढा उपसचिवाचा आवाज काढून जोडलेल्या हातांत म्हणाले, "सबरवालजी, अगला रविवार. चार बजे. और पिताजी की पूरी कहानी. चौथे दिन से!"

"हाज़िर हूँ, सर!" सबरवालजी त्या हातांपुढे आणखी वाकून म्हणाले. त्यांचेही डोळे भरून आले होते. "बेटा, रुकना, मम्मीजी भी दुकान पे हैं, उनसे भी बात कर ले."

मिसेस सबरवाल आतून आल्या. डोक्यावरून ओढणी घेतली, कारण समोर व्याही, आणि त्याही त्या हातांपुढे वाकून हलक्या आवाजात बोलू लागल्या. दोघं नवराबायको डोकी टेकवून वाकलेले, मधे अण्णासाहेब डोळे मिटून, हात जोडून, निश्चल, आणि समोर काउंटरवर झाकण काढलेला करंज्यांचा डबा.

एवढ्यात कुणी एक गिऱ्हाईक मोटारसायकलचा बल्ब घ्यायला आलं. त्याने आत बघितलं, घाईघाईने पायातल्या चपला पायरीवर काढल्या, आणि डोक्यावर रुमाल टाकून मुकाट्याने मागे रांगेत उभं राहिलं.