वेलिझारचा हंबरडा

"कोणाला खरं वाटणार नाही, पण सत्तर सिनेमांना संगीत देणाऱ्या या माणसाचं नशीब एका किंकाळीनं उघडलं!"

संगीतकार वेलिझार चाकमाकोव यांनी पेला आपटला, तशी प्लोवदिवच्या त्या गुत्त्यातली सगळी टेबलं त्यांच्याकडे वळली. हा किस्सा सांगताना म्हातारबुवा दर वर्षी पाच वर्षांनी तरुण व्हायचे आणि सिनेमांचा आकडा दहानं वाढायचा.

तर, सिनेमा पहिलाच. सोफियाच्या स्टुडिओत शेवटचा प्रसंग बाकी होता: मुलाची गाडी सुटते, आई फलाटावर उभी, आणि नुसती गायदा वाजते. ही बकऱ्याच्या कातड्याची, हवा भरून फुगवायची गायदा वाजवायला गावाकडून त्रिफोन आला होता. दिग्दर्शक ओग्न्याननं बजावलं होतं, "पाचच्या आत झालं तर ठीक. नाहीतर उद्या दुसरा संगीतकार!"

घोटाळा एवढाच, की तो दिवस संत त्रिफोनचा. म्हणजे त्याच नावाच्या आपल्या त्रिफोनचा नामदिन, वाढदिवसापेक्षाही मोठा! नामदिनाला आमंत्रण कोणी देत नाही आणि यायचं कोणी राहत नाही. गावकरी त्या दिवसाच्या रिवाजाप्रमाणे द्राक्षाच्या वेली छाटून, वाइन घेऊन त्याच्या घरी गेले. बघतात तर दाराला कुलूप. मग काय, अख्खी बस सोफियाला!

तीन वाजता स्टुडिओचं दार धाडकन उघडलं.

"अरे त्रिफोन, नामदिनाला घर सोडून पळतोस होय रे?"

"काका, आत रेकॉर्डिंग चाललंय!"

"चालू दे की! आमचं काय अडलंय?"

त्रिफोनच्या स्तोइना मावशीनं चीज भरलेल्या बानित्साचं हे एवढं ताट गरम राहावं म्हणून हीटरवर चढवलं. पेले भरले. नामदिनाचा पेला नाकारायचा म्हणजे घराण्याचा अपमान, म्हणून आधी व्हायोलिनवाले प्यायले, मग बासरीवाले. साडेचारला चेलोवाला उभ्या उभ्या नाचत होता.

"दहा मिनिटं राहिली!" काचेमागून ओग्न्यान गरजला.

वेलिझारनं बावीस गावकरी भिंतीला टेकवून उभे केले. "श्वाससुद्धा घ्यायचा नाही कोणी!"

गायदा सुरू झाली. पडद्यावर गाडी हलली. शेवटचा सूर लांबला, आणि नेमक्या त्याच क्षणी असा हंबरडा फुटला, की काचा थरथरल्या!

ओग्न्यान धावत बाहेर आला. त्याचे डोळे भरून आले होते. "आईचं काळीज फाटलं रे! हे कधी लिहिलंस?"

"कागदावर होतंच," वेलिझार म्हणाला. बक्षीस मिळालं. वर्तमानपत्रांनी लिहिलं, 'हा बल्गेरियातल्या तमाम आयांचा आवाज!'

"आणि मंडळी," म्हातारबुवांनी छाती फुगवली, "स्तोइना मावशींना मी आधीच सांगून ठेवलं होतं. मी खूण केली की रडायचं! आईचा आवाज आईनंच द्यायचा, ही माझी कल्पना!"

टाळ्या कडाडल्या. तेवढ्यात कोपऱ्यातून काठी आपटली. नव्वदीची स्तोइना मावशी उठून उभी राहिली होती.

"वेलिझार, पुरे झालं हं! मी कशाला रडू? बानित्सा करपेल म्हणून मी ताट हीटरवरून उचलून तुझ्या खुर्चीवर ठेवलं होतं. शेवटचा सूर लागला, तसा तू 'सुटलो' म्हणत मागे न बघता बसलास. बोंबललास तो तूच!"