कुंडलच्या बिनसाखरी चहाची मोहीम

श्रीकुलस्वामिनी समर्थ. मौजे कुंडल येथे एका चहाचे कारणे जो रणसंग्राम जाहला, त्याची हकीकत जाणत्यांनी चित्त देऊन ऐकावी, ऐसी जे:

फौजेतून निवृत्त जाहलेले सुभेदार कृष्णातराव, उसाचे मातबर बागायतदार, यांनी कन्या प्रियदर्शनी हिची सोयरीक उंब्रजकर लालासाहेबांचे पुत्राशी योजिली, आणि उंब्रजकरांनी कन्येने सांगलीची नोकरी सोडावी ऐसी अट घातली, आणि सुभेदारांनी ती कन्येस न पुसता कबूल केली. कन्येने अर्ज केला, तो नामंजूर जाहला. मातुश्री लीलाबाई चिंतेत पडल्या. त्यांचे स्वतःचे वेळी तर अर्जही कोणी घेतला नव्हता.

ऐशात कन्येने मोबाइलवर अझरबैजान मुलुखीचा सिनेमा मातुश्रींस दाखविला. सोयरीक मागावयास आलेल्यांस होकार असेल तर गोड चहा, नकार असेल तर बिनसाखरेचा, ऐसा तेथील जुना दस्तूर. आणि सिनेमातील पोरीने भर बैठकीत साखरेचे भांडे उचलून आत नेले. हे पाहोन बाई बहुत खूश जाहल्या, आणि मग मुदपाकखान्यात मायलेकींची मसलत जाहली.

ठरले दिवशी उंब्रजकरांची स्वारी जीपगाडीतून दाखल जाहली, पोहे जाहले, आणि मग साखर कारखान्याचे सभासदाचे घरी बिनसाखरेचा चहा बैठकीत रवाना जाहला. लीलाबाई दाराआड उभ्या. लालासाहेबांनी घोट घेतला, डोळे मिटिले, आणि फर्माविले की आपणास मधुमेह आहे हे पोरीने आधीच जाणिले, ऐसी सून दिवा घेऊन शोधिता मिळणे नाही, सबब सुपारी आजच फोडावी.

सुभेदारांनी अडकित्ता मागविला. तोच बाईंनी कन्येचे पाठीवर हात ठेवून तिला पुढे केले.

कन्या म्हणाली, "आवं काका, साखर मुद्दामच घातली न्हाई. मला ही सोयरीक नगं, आन नोकरीबी सोडायची न्हाई."

सुभेदारांचा चेहरा लालबुंद. मग लालासाहेबांनी कप रिता केला आणि निवाडा दिला की पोर तोंडावर बोलली हे उत्तम जाहले, आमचे घरी येऊन फुगून बसती तर आम्ही काय करणार होतो. आणि चहाची तारीफ करून स्वारी उंब्रजेस परतली.

सांजेस सुभेदारांनी हळूच पुसिले, "तुझ्या येळंला तू साखर घातली असतीस का गं?"

"मला कुणी ईचारलं व्हतं तवा?" ऐसे बोलोन बाई चहा ठेवावयास गेल्या.

कप आला. सीमेवर गोळीबार झेललेल्या सुभेदारांनी भीत भीत घोट घेतला. गोड होता, पण बेताचा.

येणेप्रमाणे मोहीम फत्ते जाहली, कन्येची नोकरी कायम राहिली, आणि सुभेदार हल्ली पहिला घोट घेण्यापूर्वी बाईंचे मुखाकडे पाहतात, ऐसे येथे नमूद केले असे.