तिसरा पुकारा

मोतीरामभाऊंनी आमच्या फाटकाची कडी कधी वाजवली नाही. बाहेर उभं राहून ते पुकारा करत: "सुधाकर विश्वनाथ काळमेघ!" तीनदा. तिसऱ्यालाही मी 'ओ' दिली नाही, तर "गैरहाजर!" म्हणून चालू पडत. अकोल्याच्या कोर्टात ते पट्टेवाले. तीस वर्षं दाराशी उभं राहून त्यांनी लोकांची नावं पुकारली. माणूस निवृत्त झाला, आवाज कुठला होतोय! दुपारी कूलरच्या घरघरीत माझा डोळा लागावा आणि स्वप्नातही मीच आरोपी व्हावं. उठून मी त्यांच्यावर खेकसायचो, मग त्यांच्यासाठीच चहा टाकायचो.

"मी बी जजच आहो मास्तर," बशीत फुंकर मारत ते म्हणायचे, "फक्त उभ्यानं."

आमच्या मनीनं शेजारच्या पाटीलबाईंचा पोपट मारला, तेव्हा तिला पिशवीत घालून मी परतवाड्याकडे सोडायला निघालो होतो. भाऊंनी वाटेतच अडवलं.

"काहून? जामिनाचं तं आयका तिच्या! खुनाचा मामला हाये, सहजी सुटत नाई. गुन्हा केवढा, पुरावा किती पक्का, हे पाह्यतेत. मंग तीन गोष्टी. पळून जाईन का? साक्षीदाराले दबावीन का? पुन्हा करीन का?"

मनी तोवर पिशवीत झोपून गेली होती.

"पाहा! पळते कुठं?" जामीन मंजूर. अट एकच, पाटीलबाईंच्या अंगणात पाय ठेवायचा नाही. पाटीलबाई भडकल्या, तेव्हा भाऊ शांतपणे म्हणाले, "बाई, जामीन म्हंजे निर्दोष नाई. निकाल लागेपर्यंत घरी जेवाची परवानगी."

भाऊंच्या घरात ते आणि त्यांचा मुलगा गजू, दोघंच. वहिनी केव्हाच गेल्या. दोन वर्षांपूर्वी चौकात गाडी लावण्यावरून गजूचं एकाशी भांडण झालं. गजूनं लोखंडी सळई उचलली. तो माणूस मेला. मी गच्चीत उभा होतो, सगळं पाहिलं आणि पोलिसांना सांगितलं. गजू खुनाच्या आरोपात आत गेला. त्याचा जामीन फेटाळला गेला. डोळ्यांनी पाहिलेला पुरावा, आणि साक्षीदार तीन घरं सोडून राहतो, दबाव येऊ शकतो. तो साक्षीदार म्हणजे मी.

त्या दिवसापासून पुकारा बंद. दुधाच्या दुकानाला आमच्या दारावरून सरळ वाट. पण भाऊ उलटे निघत, पाण्याच्या टाकीला वळसा घालून भर उन्हात जात. समोर आलो तर मान फिरवत. धरला राग, मी म्हटलं. धरणारच की! तरी दुपारच्या झोपेत मला पुकारा ऐकू यायचा, मी 'ओ' द्यायचो आणि बायको म्हणायची, "अहो, कोणी नाही."

गेल्या आठवड्यात माझी साक्ष झाली. पाहिलं ते सांगितलं. सळई सांगितली. नंतर गजूच त्या माणसाचं डोकं मांडीवर घेऊन "पाणी आणा रे" ओरडत होता, तेही सांगितलं. भाऊ कोर्टात आलेच नव्हते.

संध्याकाळी मी आरामखुर्चीत पडलो होतो. पहिला पुकारा आला तेव्हा वाटलं, नेहमीचं स्वप्न. दुसऱ्याला मनीनं कान टवकारले. तिसऱ्याला आवाज फाटला, आणि मी "ओ! ओ!" करत अनवाणी धावलो.

"साक्ष झाली ना? पाह्यलं तेच सांगतलं ना?"

"हो."

"मंग आता येता येते मले." ते आत आले. "तुमच्या दारावरून गेलो असतो, तं लोक म्हणले असते, बाप साक्षीदाराले दबावून राह्यला. पोराचा जामीन पुन्हा गेला असता."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "मला वाटलं, तुम्ही रागावलात."

"रागावलो तं होतोच." मी दिलेल्या चहाच्या बशीत त्यांनी फुंकर मारली. "उद्या पुन्हा अर्ज लावून राह्यलो. पळून नाई जाणार तो. साक्षीदाराचा तं आता सवालच नाई. पुन्हा..." तिथं ते अडले. मनी त्यांच्या पायाशी येऊन बसली. "निकाल लागन तो लागो, मास्तर. तोवर घरी जेवू द्या म्हणा त्याले."

मी काही जज नव्हतो. मी त्यांच्या बशीत आणखी चहा ओतला.